अनुबोधपट आणि आपली खाडी
(वार्षिक संमेलनात भिवंडी येथे दिलेले भाषण)



या व्यासपीठावरून दरवर्षी शिष्यवृत्ती, विवाहखर्च आणि वसतिगृहाचा निधी या विषयांवर भाषणे होतात, आणि ती व्हावयासच हवीत. यंदा मी चित्रपटासारखा विषय घेऊन उभा राहिलो याचे काहींना नवल वाटेल. काहींना ते वाटणार नाही, कारण त्यांच्यामुळेच मी हा विषय घेतला. दोन महिन्यांपूर्वी आपल्यातील तिघे प्रतिष्ठित गृहस्थ माझ्या घरी आले होते. आपल्याच एका कुटुंबातील तरुण, जो चित्रपटविद्येचे शिक्षण घेत आहे, तो आपल्या खाडीतील डुबीवाल्यांवर अनुबोधपट काढू पाहत आहे. "तुम्ही त्याचे गुरुजी होता, तो तुमचे ऐकेल, त्याला परावृत्त करा," असे त्यांचे सांगणे होते. मी त्यांना चहा दिला आणि उत्तरासाठी संमेलनापर्यंतची मुदत मागून घेतली. ते उत्तर आज देत आहे.

येथे बसलेल्या मुलामुलींपैकी पुष्कळांनी डुबी पाहिलेली नसेल, म्हणून प्रथम तिच्याविषयी सांगतो. काल्हेर, कशेळी, खारबाव या आपल्या गावांच्या अंगाने जी खाडी जाते तिच्या तळाशी रेती आहे. मुंबई आणि ठाण्यातील किती इमारती या रेतीवर उभ्या आहेत याची मोजदाद कोणी केलेली नाही. सक्शन पंप येण्यापूर्वी ही रेती दोन प्रकारांनी निघे. उथळ जागी माणूस पाण्यात उभा राहून पाटीने काढी, ती हातपाटी. आणि खोल जागी बुडी मारून काढी, ती डुबी. सरकारी कागदांत आजही हे दोन शब्द जोडीने लिहिले जातात. डुबीसाठी होडी नांगरून एक लांब बांबू तळात रोवतात. माणूस छाती भरून घेतो, दोर बांधलेली लोखंडी बादली हाती धरतो आणि बांबूच्या आधाराने खाली उतरतो. तळाशी हाताने चाचपून बादली भरतो, दोराला हिसका देतो आणि वर येतो; वरचे दोघे बादली ओढून रेती होडीत ओततात. एवढ्यात मिनिटभर जाते, कधी थोडे अधिक. मग पुन्हा तेच, होडी भरेपर्यंत.

माझे वडील हे काम करीत. त्यांच्या तरुणपणी दहा-पंधरा फुटांवर रेती लागे. पुढे वरची रेती संपत गेली, आणि तळ तीस फुटांवर, चाळीस फुटांवर गेला. शाळेत विज्ञान शिकविताना मी मुलांना हे गणित घालीत असे: पाण्यात दर दहा मीटरला हवेच्या दाबाइतका आणखी एक दाब वाढतो. चाळीस फूट म्हणजे सुमारे बारा मीटर. तेथे शरीरावर दुपटीहून अधिक दाब असतो, आणि छातीत भरून नेलेली हवा आकसून निम्म्याहून कमी जागेत मावते. कानाचा पडदा तर त्याच्या पुष्कळ आधी, पहिल्या काही फुटांतच दुखू लागतो. वडिलांना हे गणित ठाऊक नव्हते. ते कानात तेल घालीत, आणि चाळिशीच्या आतच त्यांना ऐकू येईनासे झाले. त्या काळी आपल्या भिवंडीत दोन जातींचे बहिरे होते, एक मागाच्या खटखटाटाने झालेले आणि दुसरे खाडीने केलेले. म्हणूनच की काय, येथील चित्रगृहांत आवाज नेहमी मोठा ठेवीत.

त्याच चित्रगृहात मी पहिला अनुबोधपट पाहिला. मुख्य चित्रपटापूर्वी फिल्म्स डिव्हिजनची वार्तापत्रे आणि लघुपट दाखविणे थिएटरवाल्यांना बंधनकारक होते. १९४८ साली स्थापन झालेले हे सरकारी खाते आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले आहे. प्रेक्षकांपैकी निम्मे लोक तेवढ्या वेळात बाहेर विडी ओढीत. परंतु एके दिवशी एव्हरेस्टचा पट लागला आणि कोणी उठले नाही. १९६५ साली कोहली यांच्या नेतृत्वाखाली आपल्या देशाचे नऊ वीर शिखरावर पोचले होते. त्या मोहिमेचे ते चित्रण होते. मागावरची पाळी संपवून आलेले कामगार, अंगावर कापसाचा तुसडा तसाच, डोळे विस्फारून बर्फ पाहत होते. माझे वडील माझ्या शेजारी होते. पडद्यावरील माणसाच्या नाकातोंडावर मुखवटा दिसताच त्यांनी मला कोपराने डिवचले. "त्याचे तोंडाला काय लावलंय रं?" मी त्यांच्या कानाशी ओरडून सांगितले की त्यातून हवा मिळते, तेथे श्वास पुरत नाही. पुढच्या-मागच्या रांगा हसल्या. वडील बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हंजे वरती पन तसंच हाय."

पुढे शिक्षक झाल्यावर अशा पटांविषयी जे हाती येईल ते मी वाचीत गेलो, आणि अलीकडे नातवाच्या संगणकावर त्यांतील काही पाहूनही घेतले. आपल्या देशात वास्तवाचे चलच्चित्रण करणाऱ्या पहिल्या भारतीयांत एक मराठी माणूस होता. सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये दोन पहिलवानांची कुस्ती चित्रित केली. शरीराची कसोटी पाहण्याची माणसाला मुळातच ओढ आहे, आणि कॅमेरा हाती येताच तो तिकडे वळला. कुस्तीनंतर बर्फ, वाळवंट आणि समुद्र हे ओघानेच आले.

यांतील एक कथा मला विशेष वाटते. शॅकल्टनच्या दक्षिण ध्रुवाकडील मोहिमेत फ्रँक हर्ली नावाचा ऑस्ट्रेलियन छायाचित्रकार होता. जहाजाचे नाव 'एन्ड्युरन्स', म्हणजे सहनशक्ती. १९१५ च्या जानेवारीत ते बर्फात अडकले आणि नोव्हेंबरमध्ये बुडाले. बुडत्या जहाजात शिरलेल्या बर्फाळ पाण्यात उतरून हर्लीने आपल्या काचा आणि फिती बाहेर काढल्या. डुबीच म्हणा ना! परंतु सगळ्या काचा वाहून नेणे शक्य नव्हते. शॅकल्टनबरोबर बसून त्याने सुमारे सव्वाशे निवडल्या आणि चारशेच्या आसपास तेथेच फोडून टाकल्या, पुन्हा मोह होऊ नये म्हणून. चलच्चित्राचा कॅमेराही मागे राहिला. त्यानंतरचा काळ सर्वांत कठीण होता. उघड्या नावांतून समुद्र ओलांडून ते एलिफंट बेटावर पोचले, आणि तेथे बावीस माणसे १९१६ च्या ऑगस्टअखेरपर्यंत उलट्या नावांच्या छपराखाली राहिली. त्या काळाचे चलच्चित्रण मुळीच नाही. हर्लीजवळ एक लहान कॅमेरा आणि तीन फिती तेवढ्या उरल्या होत्या. मग १९१७ साली तो दक्षिण जॉर्जिया बेटावर परत गेला आणि पेंग्विन, सील यांचे चित्रण करून आला. १९१९ चा 'साउथ' हा पट पाहताना आपण पेंग्विनांना हसतो. जेथे माणसांची खरी परीक्षा झाली तेथे ही पाखरे आणून बसविली आहेत.

एव्हरेस्टवरही असेच घडले. १९२४ च्या ब्रिटिश मोहिमेत कॅप्टन जॉन नोएल याने लांब पल्ल्याचे भिंग लावून शिखराकडे कॅमेरा रोखून ठेवला होता. ८ जूनला मॅलरी आणि अर्विन दिसेनासे झाले. नोएलच्या फितीवर जे उतरले ते एवढेच: दूर बर्फावर माणसांचे ठिपके, आणि खुणेसाठी मांडलेल्या कांबळ्यांची फुली. फुलीचा अर्थ, ते मेले. मॅलरी आणि अर्विन ही नावे शाळकरी मुलांनाही ठाऊक असतात. त्याआधी १९२२ च्या मोहिमेत हिमलोटाखाली सात शेर्पा हमाल गेले होते. त्यांतील एकाचे तरी नाव येथे कोणी सांगू शकेल काय? मलाही ती पुस्तकात शोधावी लागली.

नावांवरून आठवले. अनुबोधपटाचा आद्य नमुना म्हणून ज्याचा गौरव होतो तो १९२२ चा 'नानूक ऑफ द नॉर्थ'. रॉबर्ट फ्लाहर्टी या अमेरिकन गृहस्थाने हडसन उपसागराच्या काठी एका एस्किमो शिकाऱ्याचे, आजच्या भाषेत इनुइट शिकाऱ्याचे, जीवन त्यात दाखविले आहे. पट सुंदर आहे, यात शंका नाही. वालरस ओढणारी ती माणसे पाहून मला आपल्या लोकांचे नांगर ओढणे आठवले. परंतु त्या माणसाचे नाव नानूक नव्हते. त्याचे नाव अल्लाकारियालाक. नानूक म्हणजे अस्वल, आणि ते नाव त्याला फ्लाहर्टीने दिले. पत्नी म्हणून दाखविलेली स्त्री त्याची पत्नी नव्हती. बर्फाच्या घरात कॅमेऱ्याला उजेड पुरेना, म्हणून अर्धेच घर बांधले आणि त्या उघड्या घरात कुटुंबाला झोपावयास लावले. शिकारीसाठी त्यांच्याजवळ बंदुका होत्या, तरी पटासाठी जुने भाले हाती दिले. आणि या सगळ्याचा खर्च कोणी केला? रेव्हियों फ्रेर नावाच्या फ्रेंच पेढीने. त्या पेढीचा धंदा कातड्यांचा, आणि ही माणसे मारीत त्या जनावरांची कातडी तीच विकत घेई. कातडी घेणाऱ्याने शिकाऱ्याच्या धैर्याचा पट काढविला, आणि जगाने टाळ्या वाजविल्या.

मी फ्लाहर्टीला दोष देण्यास उभा नाही. त्याच्याआधी त्या माणसाकडे पाहिलेच कोणी नव्हते. परंतु त्या तिघा गृहस्थांनी माझ्यासमोर जी तक्रार मांडली ती ऐकताना हीच पेढी माझ्या डोळ्यांपुढे आली. तक्रार अशी की, या पटाने समाजाची बदनामी होईल.

हे लक्षात यावे म्हणून आपल्या खाडीतील चित्रण कसे होईल ते सांगितले पाहिजे. जपानमध्ये समुद्रात बुड्या मारून शिंपले काढणाऱ्या स्त्रिया आहेत. त्यांना 'आमा' म्हणतात. १९५४ साली फोस्को मराइनी हा इटालियन लेखक हेकुरा बेटावर त्यांच्यात जाऊन राहिला आणि पाण्याखाली त्यांची चित्रे घेतली. तेथील पाणी नितळ आहे. आपल्या खाडीत हातभर खाली काही दिसत नाही. पाणी गाळाचे, त्यात शहराची घाण, आणि भरती-ओहोटीची ओढ सतत चालू. कितीही उत्तम कॅमेरा खाली नेला तरी त्यावर तपकिरी अंधाराखेरीज काही उतरणार नाही. तळाशी माणसाचे काय होते हे वडिलांनाही डोळ्यांनी दिसत नसे. त्यांचे सारे काम हातांनी चाले.

मग या मुलाने चित्रण कशाचे करावे? बांबूचे, दोराचे, पाण्यावर येणाऱ्या बुडबुड्यांचे. दोर धरून उभ्या असलेल्या माणसाच्या चेहऱ्याचे. कॅमेऱ्याला उभे राहण्यास जागा एकच, ती म्हणजे होडी. आणि होडी कोणाची? सज्जनहो, ती आपली आहे. खालचा माणूस दिसावयाचा नाही, वरचे तेवढे दिसतील; अडचण येथे आहे, आणि ती त्या मुलाने निर्माण केलेली नाही.

अशा कामाला किती धीर लागतो याचे एक उदाहरण आपल्या शेजारच्या प्रांतातले आहे. फरीदा पाचा या दिग्दर्शिकेने कच्छच्या छोट्या रणात मीठ पिकविणाऱ्या एका कुटुंबावर 'माय नेम इज सॉल्ट' हा पट काढला. २०१३ साली अॅमस्टरडॅमच्या महोत्सवात त्याला पदार्पणाचे पारितोषिक मिळाले. पावसाळ्यात ते रण पाण्याखाली असते. पाणी ओसरले की कुटुंबे तेथे जातात, मागील वर्षी चिखलात पुरून ठेवलेला इंजिनपंप खणून काढतात, आणि आठ महिने त्या भाजलेल्या भूमीवर राहून खारे पाणी उपसतात, वाफे तुडवितात, मिठाचा दाणा मोठा होण्याची वाट पाहतात. पुढच्या पावसात सगळे पुन्हा वाहून जाते. मीठ म्हणजे काय हे ज्यांच्या आजोबा-पणजोबांनी मिठागरांत पाय सोलवटून घेतले त्या आपणांस सांगावयास नको. या पटात कोणी निवेदक बोलत नाही, करुण संगीत लावून रडविण्याचा खटाटोप नाही. बाई पाणी भरते, पुरुष पंपाशी झगडतो, मुले सायकलवरून शाळेत जातात. अखेरीस व्यापारी येतो आणि दाणा हातात घेऊन पाहतो. त्या क्षणी माझ्या छातीत जशी धडधड झाली तशी एव्हरेस्टच्या शिखरावरही झाली नव्हती.

रेतीवरही एक पट आहे. देनी देलेस्त्राक यांचा 'सँड वॉर्स', तोही २०१३ चाच. त्यात जगभरच्या वाळूबरोबर मुंबई परिसरातील व्यापारही येतो, आणि सुमेरा अब्दुलाली यांचे कार्य येते. अलिबागजवळ किहीमच्या किनाऱ्यावर बेकायदा वाळूउपसा रोखण्यास गेल्या असता २००४ साली त्यांच्यावर हल्ला झाला होता. अशा पटांचा रोख व्यापारावर असतो, आणि असावयास हवा. आपल्या मुलाचे म्हणणे एवढेच आहे की, व्यापारावर पुष्कळांनी लिहिले, बोलले. त्याला तळाशी जाणाऱ्या माणसाविषयी सांगावयाचे आहे, आणि ते आपल्याच गावच्या माणसाने सांगावयास हवे.

आता बदनामीविषयी. आपल्या वडिलांच्या पिढीने स्वतः बुड्या मारल्या याचा आपण अभिमान बाळगतो, आणि गेल्या वर्षीच्या स्मरणिकेत त्यावर एक कविताही होती. पुढे काय झाले ते त्या कवितेत नव्हते. माझ्या वडिलांनी १९७४ साली स्वतःची होडी घेतली. काही वर्षांनी दुसरी घेतली. तळ खोल गेला तसे आपले तरुण बुडीस नाखूश झाले, आणि का होऊ नयेत. त्यांनी शाळा पाहिली होती. मग बिहारकडून, उत्तर प्रदेशाकडून माणसे आली. ती होडीतच राहत, होडीतच शिजवीत. बादल्यांच्या हिशोबाने त्यांना पैसे मिळत. माझे शिक्षणशास्त्राचे शुल्क, माझ्या दोन्ही बहिणींची लग्ने आणि ज्या घरात त्या तिघांना मी चहा दिला ते घर, ही सारी त्या बादल्यांतून निघाली आहेत.

१९८८ च्या मार्चमध्ये आमच्या होडीवरून उतरलेला एक माणूस वर आला नाही. दोर ओढला तो बादली रिकामी आली. वडील तेव्हा छप्पन्न वर्षांचे होते, आणि कित्येक वर्षांत त्यांनी बुडी मारली नव्हती. ते धोतर सोडून उतरले. तीन वेळा गेले, तिसऱ्या वेळी नाकातून रक्त आले, आणि इतरांनी त्यांना धरून ठेवले. दुसऱ्या दिवशी ओहोटीला देह खाली पुलाकडे लागला. पोलिसांनी नाव विचारले. त्याच्या सोबत्यांना त्याचे हाक मारण्याचे नाव ठाऊक होते, पूर्ण नाव कोणालाच नाही. वडिलांनी मला हिशोबाची वही आणावयास सांगितली. त्या वहीत त्याच्या नावापुढे, म्हणजे नावाच्या जागी, माझ्याच अक्षरात लिहिले होते: 'बिहारी २'. रविवारी वडिलांचा हिशोब लिहिण्याचे काम माझे असे. मी तेव्हा तेहतीस वर्षांचा होतो, आणि शाळेत मुलांची हजेरी पूर्ण नावाने घेत असे.

त्याच्या गावी पैसे पोचविले ते एका सोबत्याच्या हाती. पोचले की नाही कळले नाही. वडिलांनी त्यानंतर दोन्ही होड्यांपैकी एक विकली आणि दुसरी कधी पाण्यात उतरविली नाही. याविषयी ते माझ्याशी पुन्हा बोलले नाहीत; मीही बहिरेपणाची सबब पुढे करून काही विचारले नाही.

या घटनेला आपल्यातील निदान चार घरे साक्षी आहेत, आणि इतर होड्यांवरही असे दिवस आले होते हे ती चारही घरे जाणतात. जे घडले ते पडद्यावर आल्याने बदनामी होईल असे म्हणणे म्हणजे, ते घडले तेव्हा झाली नाही असे म्हणणे आहे. मला तो हिशोब जमत नाही. तिघा गृहस्थांपैकी एकांनी कायद्याचा मुद्दा काढला होता. परवाने, लिलाव, महसूल खात्याची भीती. तो मुद्दा खरा आहे, आणि मी त्या मुलाला वकिलाकडे घेऊन गेलो आहे. दुसऱ्यांनी त्याच्या जिवाची काळजी बोलून दाखविली. तीही खरी आहे, म्हणून तो एकटा खाडीवर जाणार नाही, मी बरोबर असेन. वयाच्या सत्तरीत मी काय रक्षण करणार हे मला ठाऊक आहे. परंतु मास्तर होडीत बसलेला असला की लोक जरा सांभाळून बोलतात.

मी त्याला दोन अटी घातल्या. ज्याचे चित्रण करील त्याचे पूर्ण नाव, गाव आणि बापाचे नाव आधी लिहून घ्यावयाचे, आणि ते पडद्यावर दाखवावयाचे. दुसरी अट, कॅमेऱ्यासाठी कोणालाही एक बुडी अधिक मारावयास सांगावयाचे नाही. जे चालले असेल ते, चालले असेल तेवढेच. त्याने दोन्ही मान्य केल्या. मग मी त्याला १९८८ ची वही दिली. तिच्यावर मिठाचे डाग आहेत, पण अक्षर वाचता येते.

कार्यकारी मंडळाकडे त्याने पंचवीस हजार रुपयांचे साहाय्य मागितले आहे, आणि तो अर्ज या महिन्याच्या सभेपुढे येईल. मंडळाने ते द्यावे अशी माझी विनंती आहे. न दिले तरी पट होईल. दिवाळीनंतर भांगाच्या दिवसांत, ओढ कमी असते तेव्हा, काम सुरू करण्याचे ठरले आहे. वडिलांची होडी अंगणात छत्तीस-सदतीस वर्षे पालथी पडली आहे. परवा सुतार येऊन पाहून गेला. तळाच्या पाच फळ्या बदलाव्या लागतील, बाकी लाकूड चांगले आहे असे तो म्हणाला.